घोट्यावरून वय सांगणारा माणूस

बॅकभाऊ लग्नासाठी मुलगी पाहायला गेले, तेव्हा त्यांनी मुलीच्या चेहऱ्याकडे पाहिलंच नाही. ती चहाचा ट्रे घेऊन आली, ट्रे ठेवून परत गेली, आणि हे सगळा वेळ खाली जमिनीकडे बघत बसले. मुलीकडच्या मंडळींना वाटलं, मुलगा लाजाळू आहे. बाहेर पडल्यावर वडिलांनी विचारलं, कशी वाटली? तर म्हणाले, "डावा पाय मजबूत हाय. पलटतानी तोल जात नाई." लग्न झालं. वहिनी ही हकीकत आजही घरी येणाऱ्या प्रत्येकाला सांगतात आणि वर म्हणतात, "तोंड यायनं हळदीच्या दिवशी पाह्यलं. तवा उशीर झाला व्हता, पत्रिका वाटून झाल्या व्हत्या."

तरुणपणी बॅकभाऊ नागपूरला एका गिरणीच्या संघातून फुटबॉल खेळले. दुसऱ्या डिव्हिजनमध्ये, लेफ्ट बॅक. वाशीमला परत आले तेव्हा इथे कुणाला फुटबॉलचं फारसं काही ठाऊक नव्हतं, पण हे जो भेटेल त्याला "मी बॅक व्हतो, बॅक" असं सांगत सुटले आणि त्यांचं नावच ते पडलं. खरं नाव शिधापत्रिकेवर असेल. मी त्यांच्यापेक्षा वयाने मोठा आणि त्यातून हेडमास्तर, त्यामुळे समोरासमोर मी त्यांना कायम अरेतुरेच केलं. आता लिहिताना हात तसं लिहायला धजत नाही.

नागपूरच्या त्या दिवसांतला एकच सामना ते सांगत. त्या काळचा एक नामांकित फॉरवर्ड त्यांच्या बाजूने सारखा घुसत होता आणि यांनी त्याला शेवटपर्यंत गोल करू दिला नाही. मी ही गोष्ट पहिल्यांदा ऐकली तेव्हा तो फॉरवर्ड बॅकभाऊंच्या खांद्याएवढा होता. पुढे पुढे तो वाढत गेला. मी निवृत्त झालो तोवर तो दारात वाकून शिरेल एवढा झाला होता. सामना कोण जिंकलं असं कुणी विचारलं की बॅकभाऊ चिडत. "तो एक गोल मंग राइट साइडनं झाला," असं म्हणत आणि विषय बदलत.

गिरणी बंद पडली, गुडघा आधीच गेला होता. एसटी स्टँडजवळ त्यांनी पंक्चरचं दुकान टाकलं. पंक्चर काढणारा माणूस बुटक्या पाटावर बसतो, त्यामुळे त्याला दिवसभर जग घोट्यापासून खालीच दिसतं. दुसऱ्या कुणाला ते रटाळ वाटलं असतं. बॅकभाऊंना वाटायचं की सगळा जिल्हा आपल्यासमोरून चाचणीला चालला आहे. ट्यूब पाण्यात बुडवून बुडबुडे शोधताना त्यांची नजर रस्त्यावर असायची. गिऱ्हाईक ओरडायचं, "भाऊ, हवा जाऊन राह्यली तिकडून." हे म्हणायचे, "जाऊ दे, ते पोट्टं पाह्य कसं चालून राह्यलं, पायाच्या बोटावर."

असं चालणारं पोरगं दिसलं की बॅकभाऊ खिशातून लिंबू काढत आणि काही न सांगता त्याच्याकडे फेकत. पोरगं काय करतं ते बघत. झेललं तर ठीक. पायाने अडवलं तर त्याचं नाव-गाव विचारत. शिव्या दिल्या तर त्याच्या घरी जात, कारण त्यांचं म्हणणं होतं की बॅकला राग पाहिजे. वहिनींच्या घरात लिंबू टिकत नसे. पोह्यांवर पिळायला लिंबू मागितलं की वहिनी म्हणत, "स्टँडवर जाऊन उभे राहा, फेकून मारतीन."

त्यांची नजर चुकायचीही. एकदा आठवडी बाजारात गर्दीतून वाट काढत धावणारा एक पोरगा त्यांनी हेरला. काय वळत होता, काय झुकांडी देत होता. बॅकभाऊ त्याच्यामागे धावले, आणि त्यांच्या मागे दोन भाजीवालेही धावत होते हे त्यांच्या उशिरा लक्षात आलं. त्या पोराला त्यांनी सोडवलं, संघात घेतलं. आठवडाभर तो फार सुंदर खेळला आणि मग फुटबॉल घेऊन गेला. दुसऱ्या खेपेला वरातीत नाचणाऱ्या एकाचा तोल पाहून ते खूश झाले. तो नवरदेवाचा मामा निघाला, दोन मुलांचा बाप. त्यालाही बॅकभाऊ सकाळी मैदानावर बोलावून आले होते, आणि तो बिचारा खरंच आला.

मैदान म्हणजे गावाबाहेरची मुरमाड मोकळी जागा. बॅकभाऊ कधी कडेला उभे राहिले नाहीत. ते गोलच्या मागे एक डबा उलटा टाकून बसत आणि तिथून सगळ्या संघाला शिकवत. गोल मारणाऱ्याचं कौतुक त्यांनी केलेलं मी ऐकलं नाही. आपल्याच पोराने गोल मारला तरी हे समोरच्या बॅकला जाऊन समजावून सांगत की तू कुठे चुकलास. फुटबॉल सायकलच्या ट्यूबचे तुकडे चिकटवून जगवलेला असे. हवेत तो मध्येच दिशा बदलायचा. बाहेरून आलेले गोलकीपर त्याला फसत, आणि आमच्या पोरांना सरळ जाणारा फुटबॉल मिळाला की ती बावचळत.

पण बॅकभाऊंचा खरा अभिमान म्हणजे वय. पोराच्या घोट्याकडे आणि टाचेकडे पाहून ते त्याचं वय सांगत. हा तेराचा, हा चौदा संपलेला, हा खोटं बोलतो. मी थट्टा करायचो. आमच्या भागातल्या निम्म्या लोकांचा वाढदिवस एक जूनला येतो, हे इथे सगळ्यांना माहीत आहे. शाळेत घालायला आईबाप यायचे, जन्मतारीख विचारली की ज्वारी काढायच्या वेळेस झाला, असं सांगायचे. मग मास्तर अंदाजाने साल लिहायचा आणि तारीख एक जून. बॅकभाऊ म्हणत, "तुमी लोकायनं सारा जिल्हा एका दिवशी जल्माले घातला, सायेब. म्या घोट्याकडं पाह्यलं त काय बिघडलं?"

आता टरबुजाची गोष्ट.

उन्हाळ्यात बाजारात टरबुजांचे ट्रक येतात. एक जण वरून टरबूज फेकतो, दुसरा खाली झेलतो आणि मागे देतो. पंक्चरसाठी सोल्यूशन आणायला निघालेले बॅकभाऊ तिथे थांबले. खाली झेलणारं पोरगं त्यांनी कधी पाहिलं नव्हतं. लांबच लांब हात. टरबूज आलं की ते हात आधी पुढे जायचे आणि मग त्याच्याबरोबर मागे यायचे, छातीपर्यंत, तान्हं मूल घ्यावं तसे. आवाजसुद्धा होत नव्हता. बॅकभाऊ ट्रकवर चढले. फेकणाऱ्याला बाजूला केलं आणि स्वतः टरबुजं फेकू लागले. एक डावीकडे, एक उजवीकडे, एक पायाजवळ. मालक खालून ओरडत होता. एक फुटलं. ते पोराच्या चुकीने फुटलं नाही, बॅकभाऊंनी जाणूनबुजून हाताबाहेर फेकलं होतं. ते फुटलेलं टरबूज घेऊन ते घरी गेले आणि वहिनींना म्हणाले, "गोलकीपर भेटला." वहिनी म्हणाल्या, "आधी हे चिरते, मंग त्याले पाहू."

पोरगं अनसिंगच्या पलीकडल्या एका वस्तीवरचं होतं. आईबाप दिवाळीनंतर ऊसतोडीला जायचे, उन्हाळ्यात परत यायचे. आमच्याच जिल्हा परिषदेच्या शाळेत ते शिकलं होतं. बॅकभाऊंनी त्याला घोट्यापासून खांद्यापर्यंत पाहिलं आणि सांगितलं, पंधरा. सतरा वर्षांखालच्या संघात त्याचं नाव गेलं आणि वयाच्या रकान्यात पंधराच लिहिलं गेलं. त्या वर्षी आमचा संघ ज्या तऱ्हेने जिंकत गेला, तसा त्याच्या आधी किंवा नंतर जिंकलेला नाही. त्या पोराने उपांत्य सामन्यात दोन पेनल्ट्या अडवल्या. बॅकभाऊ गोलच्या मागे डब्यावर बसून होते. लोक नाचत होते आणि हे त्याला सांगत होते की दुसऱ्या वेळी उजवा पाय अर्धा हात आत हवा होता.

त्या सामन्यानंतर विभागाच्या निवडीसाठी त्या पोराचं नाव निघणार, असं सगळे म्हणू लागले. आणि हरलेल्या संघाने तक्रार केली की गोलकीपर वयाने मोठा आहे. जिल्हा फुटबॉल संघटनेने शाळेचा दाखला मागवला. दाखल्यावर पोराची सतरा उलटून गेली होती. दाखल्यावर सही माझी होती.

त्याला शाळेत मीच घेतलं होतं. ते आपल्या मोठ्या भावाच्या मागे मागे आलं होतं. आई म्हणाली, लहान आहे अजून, पाचवं लागायचंय. त्या वर्षी आमच्या शाळेचा पट कमी पडत होता आणि पट कमी पडला की एका शिक्षकाची बदली होते. शाळेत घ्यायच्या वयाची आमची जुनी परीक्षा तुम्हाला माहीत असेल. मुलाने उजवा हात डोक्यावरून नेऊन डावा कान धरायचा. कान हाताला लागला की सहा वर्षं पूर्ण. मी त्याला कान धरायला सांगितलं. त्याने तो सहज धरला आणि हात गालापर्यंत खाली आणला. मी म्हटलं, झालं, सहा पूर्ण. आई काही बोलायला गेली, पण दुपारी खिचडी मिळेल म्हणून तीही गप्प राहिली. मी एक जून लिहिलं.

त्या हातांनी पुढे टरबुजं झेलली आणि पेनल्ट्या अडवल्या. त्याच हातांमुळे मी त्याला सव्वादोन वर्षांनी मोठं करून ठेवलं होतं.

संघटनेने आम्हाला बोलावलं. एका कार्यालयाच्या वरच्या खोलीत पाच-सहा माणसं बसली होती. बॅकभाऊ इस्त्रीचा शर्ट घालून आले होते. आपल्याकडे वय चोरणारे प्रशिक्षक कमी नाहीत आणि त्यांतला प्रत्येक जण दाखला चुकीचा असल्याचंच सांगतो, त्यामुळे बॅकभाऊंनी तसं म्हणताच सगळे हसले. एकाने विचारलं, "मंग खरं वय कायवरून काढलं?" बॅकभाऊंनी सांगितलं, घोट्यावरून. ते आणखी हसले. तेव्हा बॅकभाऊ माझ्याकडे वळले. त्यांना काळजी वाटत नव्हती, ते मला अजून आठवतं. घरच्या माणसाकडे वळावं तसे वळले.

"सायेब, तुमीच सांगा. तुमी भरती केलं ना याले. याची माय काय म्हने?"

माझी निवृत्ती काही महिन्यांवर आली होती. एक नोंद अंदाजाने केली असं म्हटलं असतं तर बाकीच्यांची चौकशी झाली असती आणि पटाचा विषय निघाला असता. हे सगळं मी त्या क्षणी मोजलं असं नाही. तोंडातून वाक्य आलं, ते हेडमास्तराचंच आलं. मी म्हणालो, "शाळेची नोंद बरोबर आहे."

बॅकभाऊ "बरं" म्हणाले आणि खुर्चीवर बसले.

संघ बाद झाला. बॅकभाऊंना संघ घेऊन यायला दोन वर्षं बंदी घातली गेली. पोरगं पुढच्या हंगामात आईबापाबरोबर ऊसतोडीला गेलं. गावात पोरं बॅकभाऊंना "काय एक जून" म्हणून हाक मारू लागली. दोन वर्षं झाली, बंदी संपली, पण बॅकभाऊ मैदानावर परत आले नाहीत. त्याचा अर्थ मी माझ्या सोयीने लावला. मला वाटलं, त्यांना माहीत आहे की आपलं खरं होतं आणि मी खोटं बोललो. त्या रागाने ते आले नसतील. मी त्यांच्या दुकानावरून जायचं टाळलं. स्कूटरला पंक्चर झालं तर ती ढकलत दुसऱ्या टोकाच्या दुकानात नेत असे. माणूस आपल्यावर रागावला आहे एवढंच असेल तर त्याच्याशिवाय जगता येतं, आणि मी बरीच वर्षं जगलो.

गेल्या लग्नसराईत एका पंगतीत वहिनी माझ्या शेजारच्या रांगेत होत्या. मी अवघडलो होतो. त्या मात्र वाढणाऱ्याला माझ्या पानात आणखी बुंदी घालायला सांगत होत्या. मी विचारलं, बॅकभाऊ कसे आहेत? त्या म्हणाल्या, बरे आहेत, दुकानात रस्त्याकडे पाठ करून बसतात. मी म्हटलं, पाठ करून? रस्त्याकडे पाहिल्याशिवाय त्यांना चैन पडत नव्हतं.

"तुमच्या त्या पोट्ट्यापासून," त्या म्हणाल्या. तुमच्या म्हणजे तुमच्या शाळेच्या, त्यांच्या बोलण्यात टोमणा नव्हता. "म्हनते का, एवढ्या मोठ्या मानसानं सांगतलं का नोंद बरोबर हाय, त बरोबरच असन. सायेब कायले लबाड बोलतीन? माहाच डोया गेला. वय नाई समजलं, त बाकीचं काय समजलं असन मले?"

बॅकभाऊ माझ्यावर रागावलेच नव्हते. त्यांनी माझ्यावर विश्वास ठेवला होता. त्या दिवशी खोलीत बसलेल्या सगळ्यांत माझ्या शब्दाला खरं मानून ज्याने स्वतःला खोटं ठरवलं, असा तो एकटा माणूस होता. पानातली बुंदी मी तशीच ठेवून उठलो.

दोन दिवसांनी सकाळी दुकानावर गेलो. खरंच ते रस्त्याकडे पाठ करून बसले होते. मी उभ्याउभ्याच सगळं सांगितलं, आई काय म्हणाली होती, पट, कान, गालापर्यंत आलेला हात. ते चाकाला पान्हा लावून बसले होते.

"म्हंजे पंधराचंच व्हतं?"

मी म्हटलं, पंधराचंच. महिना-दोन महिने कमीच असेल.

"पंधराचंच व्हतं," ते स्वतःशी म्हणाले. मग उठले, आणि मला ज्या शिव्या दिल्या त्या इथे लिहिण्यासारख्या नाहीत. इतक्या वर्षांच्या होत्या, एकदम आल्या. रस्त्यावरची माणसं थांबली. कुणीतरी म्हणालं, म्हातारा माणूस आहे, जाऊ द्या. बॅकभाऊ म्हणाले, "म्हातारा हाय म्हनून तं घाई हाय," आणि गिऱ्हाइकाचं चाक तसंच उघडं टाकून मला मोटारसायकलवर बसवलं.

आम्ही संघटनेच्या सचिवांकडे गेलो. सध्याचे सचिव तरुण आहेत. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि समजुतीच्या सुरात म्हणाले की तेव्हाच्या समितीतले निम्मे लोक आता या जगात नाहीत, उरलेल्यांना आठवणार नाही, यातून काय निघणार? बॅकभाऊ म्हणाले, ज्याला ऐकू येतं त्याला सांगा. शेवटी ठरलं की यंदाच्या स्पर्धेच्या स्मरणिकेत मी लेख लिहायचा. बाहेर आल्यावर बॅकभाऊंनी मला बजावलं, "निस्तं रडगानं नोका लिहू, सायेब. मी कसा व्हतो तेबी लिहा. फॉरवर्डचं लिहा." लिहिलं आहे. उंचीही त्यांनी सांगितली तेवढीच लिहिली आहे.

त्या गोलकीपरला फोन मीच करावा असं ते म्हणाले, आणि समोर उभं राहून करायला लावला. तो आता पुण्याकडे एका कारखान्यात कायम आहे, लग्न झालंय. मी सांगितलं ते त्याने ऐकून घेतलं. मी वाट पाहत होतो की तोही शिव्या देईल. मग म्हणाला, "माय सांगेच सर, का तू लहान हायेस. मी तिलेच म्हनो, तुले काय समजते, सरायनं लिहिलं हाय." आणि वर, "म्हंजे मले आता रिटायरबी दोन वर्ष आधीच करतीन." तो हसला. मला हसता आलं नाही. बॅकभाऊंनी फोन माझ्या हातून घेतला आणि त्याला विचारलं की तिकडे मैदान आहे का, रविवारी सुट्टी असते का, आणि वजन किती वाढलंय.

परत येताना त्यांनी मला घराच्या फाटकाशी सोडलं. राग उतरला होता असं मी म्हणणार नाही. मी उतरून फाटकाकडे चालायला लागलो तेव्हा मागून आवाज आला.

"थांबा सायेब. तसेच थांबा. धोतर थोडं वर घ्या."

मी घेतलं. ते मोटारसायकलवर बसल्या जागी वाकून माझ्या पायांकडे पाहत होते. चांगले निवांत पाहत होते. गल्लीतली दोन बायामाणसं आपापल्या दारात येऊन उभी राहिली.

"वय किती सांगता तुमी?"

मी म्हटलं, अठ्ठ्याहत्तर.

"कायवरून?"

काय सांगणार? एक जून. मलाही माझ्या मास्तरांनी कान धरायला लावूनच घेतलं होतं. माझे हात आखूड. दोन वर्षं मला परत पाठवलं होतं, असं आई सांगायची.

"एक्क्याऐंशी," बॅकभाऊ म्हणाले. "वर दोन-तीन महिने." आणि गाडीला किक मारून गेले.

संध्याकाळी मुलगा घरी आल्यावर मी त्याला सांगितलं की माझं सहस्रचंद्रदर्शन करायचं राहून गेलं आहे, पुरोहिताला विचार. तो म्हणाला, "बाबा, त्याला अजून अडीच-तीन वर्षं आहेत. रेकॉर्डवर तुमची अठ्ठ्याहत्तरच आहेत."

मी म्हटलं, रेकॉर्ड राहू दे. बॅकभाऊंनी पाहून सांगितलं आहे.